पाल रेषेखाली, पाया रेषेवर

मित्रांनो, मी एक जुनी शिळा आहे. पण तुम्ही आमच्या पेठेत आलात तर मला शिळा म्हणणार नाही. तुम्ही चपला काढाल, हात जोडाल, चिमूटभर शेंदूर माझ्या अंगाला लावाल आणि फोटो काढून पुढे जाल. इथे मला सगळे पेठमाय म्हणतात. मला चांदीचे डोळे आहेत. कंबरेपर्यंत गुळगुळीत फरशा आहेत. डोक्यावर पत्र्याची शेड आहे आणि शेडला पंखासुद्धा आहे. दगडाला उकडत नाही, हे कोणाच्या लक्षात आले नाही.

एवढे सगळे मला मिळाले. पण माझे एक काम होते, ते माझ्याकडून गेले. त्या कामाची गोष्ट मला सांगायची आहे. थोडी घाईने सांगते, कारण आज सकाळपासून माझ्या पायाला गारवा लागतो आहे.

चोपडा आणि रावेर यांच्या मधल्या पट्ट्यात, सातपुड्याच्या पायथ्याला, मोरखडी नावाची नदी आहे. नदी म्हणायची एवढेच. वर्षातले दहा महिने तिच्यात वाळू, गोटे आणि चरणाऱ्या शेळ्या असतात. पूर्वी कधीतरी, माणसांच्या आठवणीच्याही आधी, या नदीने मला डोंगरातून उचलून इथे आणून टाकले. मी दोन पुरुष उंच आहे. चार बैलजोड्यांना मी हलत नाही. मला गोट्यासारखे लोळवत आणणारे ते पाणी केवढे असेल, याचा विचार एकदा करून पाहा. मी अजून करते.

पुढे इथे माणसे आली. डोंगरातून उतरणारी वाट आणि तापीकडून वर येणारी गाडीवाट माझ्यापाशी एकमेकींना भेटतात. डोंगरातली माणसे डिंक, चारोळी, मोहाची फुले आणि बांबू आणायची. खालची माणसे ज्वारी, मीठ, कापूस आणि मडकी आणायची. नदीचे पात्र कोणाच्याच सात-बाऱ्यावर नव्हते, म्हणून तिथे बसण्यावरून कोणाचे भांडण होत नसे. गुरुवार ठरला, कारण गुरुवारी दुसऱ्या कुठल्या गावाचा बाजार नव्हता. राजाने सनद दिली नाही, की कोणी नारळ फोडून पेठ वसवली नाही. माणसे वाळूत पोती अंथरून बसली आणि पेठ झाली.

मग एका पावसाळ्यात नदीने पेठ धुऊन नेली. तेव्हाच्या जाणत्या माणसांनी एक शहाणपणाचे काम केले. सगळ्या पेठेने मिळून दोर आणि तरफा लावून मला उभे केले. पाणी जिथवर चढले होते तिथे माझ्या अंगावर छिन्नीने आडवी रेष कोरली. आणि माझ्या पायथ्याशी, वाचता येणाऱ्याने वाचावे म्हणून, चार शब्द कोरले : पाल रेषेखाली, पाया रेषेवर.

म्हणजे रेषेच्या खाली तुम्ही बाजाराच्या दिवशी कापडाचे पाल ठोका, विका, संध्याकाळी गुंडाळून घरी जा. पण भिंत घालायची असेल, चूल मांडायची असेल, लेकरू निजवायचे असेल, तर रेषेच्या वर जा. हाच आमच्या पेठेचा पहिला कायदा. तो माझ्या अंगावर होता. हेच माझे काम होते.

या कायद्यामुळे आमच्या पेठेला तिचा स्वभाव आला. घरे सगळी वरच्या आळीला, आणि बाजार खाली. इथला माणूस बोलायला मोठा आणि आवरायला त्याहून चपळ. पालाची दोरी खुंटीला बांधताना इथे निसटगाठ मारतात. एक टोक ओढले की अख्खे पाल जमिनीवर. बाहेरगावचे व्यापारी हसत. वाऱ्याने पाल उडाले तर काय कराल, असे विचारत. आमची माणसे सांगत, आमच्यात असेच बांधतात. का बांधतात, ते हळूहळू त्यांच्याही लक्षातून गेले. गाठ तेवढी हाताला राहिली.

आमची पेठ कधी फार मोठी झाली नाही. आगगाडी आली ती खूप दक्षिणेला, आणि मोठे व्यापारी तिच्या मागे गेले. एक जिनिंगचा कारखाना आला, काही वर्षे त्याचा भोंगा वाजला, मग तोही थांबला. पुढे केळी आली आणि ट्रक आले. आता हायवे गावाला वळसा घालून जातो. पण गुरुवार चुकला नाही. भरताची हिरवी वांगी घ्यायला लोक अजून लांबून येतात. घासाघीस जोरात होते, आणि सौदा झाला की वर दोन मिरच्या टाकल्याशिवाय इथली बाई पिशवी सोडत नाही. पेठेतला साधा हमाल वारला तरी त्या गुरुवारी बाजार दुपारी उठतो. मला ही माणसे आवडतात. म्हणून तर बोलते आहे.

माझ्या अंगावर चार रेषा आहेत. पहिल्या तीन जुन्या. चौथी सगळ्यात वर, दीड पुरुष उंचीवर. ती पासष्ट वर्षांपूर्वीची.

तो श्रावणातला गुरुवार होता. पेठेवर स्वच्छ ऊन होते. नदीत घोट्याएवढेही पाणी नव्हते आणि बाजार भरात आला होता. एकच गोष्ट वेगळी होती. डोंगरातून त्या दिवशी कोणी उतरले नव्हते. रानभाज्या आणणाऱ्या पावरा बायकांची जागा रिकामी होती. लोकांना वाटले, त्यांच्याकडे काही सण असेल. खरे तर डोंगरात पहाटेपासून ढग फुटला होता आणि त्यांच्या वाटा तुटल्या होत्या.

मला आधी पायाला गारवा लागला. मग वाळूखालचे गोटे हलल्याचे कळले. मग आवाज आला. तो आवाज पाण्यासारखा नसतो, मित्रांनो. खूप गाड्या एकदम दगडी रस्त्यावर धावाव्यात, तसा असतो.

ज्यांच्या हाताला निसटगाठ होती त्यांनी टोके ओढली आणि ते वर पळाले. त्या दिवशी माल गेला, पण माणसे फारशी गेली नाहीत. झुलाल नावाचा एक शेतकरी मात्र बैल सोडायला मागे फिरला. पालाची गाठ निसटती असते. बैलाची पक्की असते. तो ती गाठ सोडवीत राहिला. त्याची बायको भागाबाई सात वर्षांच्या मुलीला खांद्यावर घेऊन माझ्या अंगावरच्या खोबणीत चढून उभी राहिली. पाणी तिच्या कंबरेपर्यंत आले आणि तिथे थांबले. झुलाल तिला कुठे दिसला नाही.

पाणी उतरल्यावर पेठेचा पाथरवट उजैर मिस्त्री छिन्नी-हातोडा घेऊन आला. चिखलाची खूण पावसाने धुऊन गेली होती आणि भागाबाई बोलायच्या अवस्थेत नव्हती. उजैरने त्या सात वर्षांच्या मुलीला उचलून शिडीवर नेले आणि हळू आवाजात विचारले, "पाणी कुठवर होतं, बेटी?"

मुलीने तिचा हात माझ्या अंगावर सपाट ठेवला. समोरच्या निंबाला अडकलेले गवत त्याच पातळीला होते. उजैरने तिथे रेष कोरली. आणि रेषेच्या टोकाशी, तिचा तळवा तसाच धरून, त्याच्याभोवती छिन्नी फिरवली. साक्षीदाराची सही असते, तसा तो लहानसा पंजा. त्या मुलीचे नाव धुरपदा.

पुढच्या गुरुवारी भागाबाई आली. खोबणीत चढून तिने त्या रेषेला शेंदराचे एक बोट लावले आणि कपाळ टेकवले. तिच्या मनात एवढेच होते, की या दगडाने माझी पोर राखली. त्यात वावगे काय होते? पण शेजारच्या बाईने पाहिले आणि तिनेही बोट लावले. मग सगळा बाजार लावू लागला, कोणी खोबणीत चढून, कोणी काठीला बोळा बांधून. पहिल्या गिऱ्हाईकाची भवानी झाली, की शेंदराचे एक बोट पेठमायला. या मायने पाणी अडवले, असे लोक म्हणू लागले.

मी पाणी अडवले नव्हते, मित्रांनो. पाणी तिथवर आले होते. मी फक्त ते सांगत होते.

पासष्ट वर्षे, दर गुरुवारी, शेकडो बोटे. तेलात कालवलेला शेंदूर थरावर थर चढत जातो आणि त्याचे कवच होते. माझे कवच आता चार बोटे जाड आहे. आधी पंजा बुजला, मग चौथी रेष, मग बाकीच्या. पायथ्याच्या चार शब्दांवर फरशा बसल्या. त्या हेमराजभाऊंनी बसवल्या. हेमराजभाऊ बाजार कमिटीचे अध्यक्ष. माणूस वाईट नाही. चांदीचे डोळेही त्यांनीच दिले, आईच्या आजारात नवस केला होता म्हणून. मला इतके कोणी सजवले नव्हते आणि मी इतकी मुकी कधी झाले नव्हते. दुर्लक्ष नेहमी धुळीच्याच रूपाने येते असे नाही. कधी कधी ते हार घेऊन येते.

गेल्या वर्षी कमिटीने खालच्या काठावर पक्के गाळे बांधायला घेतले. माझ्यापासून पन्नास पावलांवर चौदा गाळे, पुढे दुकान आणि मागे राहायला खोली. वर डोंगरात एक बंधारा झालेला आहे आणि तीस वर्षांत इथे गुडघाभरही पाणी आलेले नाही. कागदपत्रे तीस वर्षांचीच होती. त्यांच्या आधीचा कागद मी होते, आणि मला कोणी वाचू शकत नव्हते. गाळ्यांचा नारळ माझ्यापुढेच फुटला. पहिले शेंदराचे बोट हेमराजभाऊंनी शिडीवर चढून लावले. ते बरोबर पंजावर पडले.

पहिला गाळा मोहिनीला मिळाला. मोहिनी म्हणजे धुरपदाबाईची सून.

धुरपदाबाई आता बहात्तर वर्षांची आहे. आयुष्यभर ती माझ्या सावलीत वांगी विकत बसली. तिचा मुलगा नीलेश केळीच्या ट्रकवर ड्रायव्हर आहे. एकदा उत्तरेकडे गेला की आठ-दहा दिवस येत नाही. मोहिनी चोपड्याची, हाताने हुशार. तिने शिवलेली पोलकी बघून गिऱ्हाईक दुसऱ्या गावाहून येते. तिला स्वतःचे दुकान हवे होते आणि दोन वर्षांच्या मुलीला घेऊन मागच्या खोलीत राहायचे होते. यात चुकीचे काहीच नव्हते. चुकीची होती ती जागा.

धुरपदाबाईने पहिल्या दिवशीच विरोध केला. ती पाण्याचे सांगायची, पण सुनेला ते पाणी कुठे दिसणार? नदीत शेळ्या चरत होत्या. वादाला धार चढत गेली. धुरपदाबाईच्या शेजारी बांगड्या विकणारी नाजमीन बसते. तिची जीभ तिच्या बांगड्यांपेक्षा जास्त वाजते. ती म्हणाली, "अक्का, सून वर राहिली तरी तू भांडशील आणि खाली राहिली तरी भांडशील. मग खालीच बरी, तुला आवाज तरी कमी येईल."

धुरपदाबाई हसली नाही. एके दिवशी ती गाळ्याच्या दारात जाऊन उभी राहिली. मोहिनी छताच्या हुकाला मुलीची झोळी बांधत होती. धुरपदाबाई तिच्या भाषेत म्हणाली, "घर तुनं शे, दुकान तुनं शे. माले काही नको. फक्त आठे पोरले निजाडू नको."

मोहिनीने झोळीची गाठ आवळली. पक्की गाठ. मग ती शांतपणे म्हणाली, "आई, तुम्हाला पाण्याची भीती नाही वाटत. मी तुमच्या हाताखालून जाते, याची वाटते."

हे शब्द धुरपदाबाईला लागले, कारण त्यात थोडे खरेही होते. ती हेमराजभाऊंकडे गेली. त्यांनी तिला खुर्ची दिली, चहा दिला, सगळे ऐकून घेतले. मग अगदी मायेने म्हणाले, "अक्का, तू तेव्हा सात वर्षांची होतीस. सात वर्षांच्या पोरीला गुडघाभर पाणी म्हणजे समुद्रच."

ती परत येऊन माझ्यापुढे बसली. त्या दिवशी तिने वांगी मांडलीच नाहीत. तिला ठाऊक होते, की तिचा पुरावा हाताच्या अंतरावर आहे. आणि हेही ठाऊक होते, की तो झाकला कोणी. तिच्या आईने पहिले बोट लावले आणि तिने स्वतः पासष्ट वर्षे. दर गुरुवारी, न चुकता, सगळ्यांच्या आधी.

कवच आपोआप सुटले तर तो देवाचा कौल मानतात. कोणी ते खरवडले तर त्याच्या घरादाराचे वाईट होते, असे पेठेत लहान मूलही सांगेल. धुरपदाबाईचाही यावर विश्वास आहे. म्हणून आधी ती गनी मिस्त्रीकडे गेली. गनी हा उजैरचा नातू. साठीचा आहे. आता कबरींचे दगड आणि पाटे-वरवंटे घडवतो आणि बांधकामावर मिस्त्रीकामही करतो. आजोबांनी त्याला पंजाची गोष्ट कितीदा तरी सांगितली होती. रेष नेमकी कुठे आहे हे तो डोळे मिटून दाखवू शकला असता. पण त्याने छिन्नी उचलली नाही. तो म्हणाला, "अक्का, मी हात लावला ना, तर रेषेचं सगळे विसरतील आणि माझंच नाव निघेल."

काळ कसा आहे हे तिला कळते. ती उठली आणि घरी गेली.

पुढचा गुरुवार आषाढातला होता. भरल्या बाजारात, दुपारी, धुरपदाबाईने माझ्यापुढे नारळ ठेवला आणि दोन्ही कान धरून माझी क्षमा मागितली. मला बोलता आले असते तर मी सांगितले असते, की बाई, पासष्ट वर्षांत मी कोण आहे हे आठवणारी तू पहिलीच. मग तिने वांग्याचे देठ कापायचा विळा कमरेला खोचला आणि शिडी आणायला वळली.

शिडी आधीच आली होती. गनी ती खांद्यावर घेऊन उभा होता.

"दगडाला हात लावणार नाही मी, अक्का," तो म्हणाला. "शिडीला लावतो."

त्याने शिडी माझ्या अंगाला टेकवली आणि खाली दोन्ही हातांनी घट्ट धरली. बहात्तर वर्षांची ती बाई एकेक पायरी चढू लागली. बाजाराचा आवाज हळूहळू बंद झाला. बायकांनी पदर तोंडाला लावले. काही तरुण पोरे पुढे आली. त्यांच्यातला एक जण गनीकडे पाहून काहीतरी बोलला, ते मी इथे सांगत नाही. हेमराजभाऊ ऑफिसातून धावत आले आणि खाली उतर म्हणू लागले. धुरपदाबाईने मागे वळून न पाहता सांगितले, "मीच लावेल शे, मीच काढसू. पाप लागनं ते माले लागी."

विळ्याचे टोक कवचात गेले. मला वेदना होत नाहीत, पण पासष्ट वर्षांनी अंगाला वारा लागतो तेव्हा काय होते, हे मला त्या दिवशी कळले. एक भेग गेली. मग दुसरी. आणि अचानक, झाडाची साल सुटावी तसे पुरुषभर कवच माझ्या अंगावरून सुटले आणि खाली येऊन आदळले. चांदीचा एक डोळा घरंगळत जाऊन वांग्यांच्या टोपलीशी थांबला. कोणी तो उचलला नाही.

वर काळा दगड उघडा पडला होता. त्यावर आडवी रेष होती आणि रेषेच्या टोकाशी सात वर्षांच्या मुलीचा पंजा.

धुरपदाबाईने त्यावर हात ठेवला. आता तो हात पंजापेक्षा खूप मोठा होता, सुरकुतलेला, बोटांच्या टोकांना शेंदूर. ती रडली नाही. तिने फक्त मान वळवून गाळ्यांकडे पाहिले. मग सगळा बाजार तिकडे बघू लागला.

पण पन्नास पावलांवरून उंचीचा अंदाज येत नाही. तेव्हा गनीने पिशवीतून लेव्हलची नळी काढली. मिस्त्री लोकांकडे असते ती पारदर्शक, पाणी भरलेली लांब नळी. दोन टोके कितीही लांब धरा, दोन्हीकडे पाणी एकाच पातळीला उभे राहते. एक टोक धुरपदाबाईने शिडीवर रेषेला धरले. दुसरे टोक घेऊन गनी मोहिनीच्या दुकानापाशी गेला आणि भिंतीला लावून वर वर सरकवू लागला. उंबरा गेला. कुलपाची कडी गेली. शटरचा माथा गेला. मोहिनीच्या नावाची पाटी गेली. तो दुकानातल्या स्टुलावर चढला. पाटीच्याही वर वीतभर अंतरावर नळीतले पाणी थांबले.

हेमराजभाऊ म्हणाले, नळी हलली असेल. गनीने पुन्हा धरली. पाणी तिथेच थांबले. तिसऱ्यांदाही तिथेच.

मोहिनी दारात उभी राहून ते बोटभर पाणी पाहत होती. एवढेसे पाणी, नळीतले, उन्हात चमकणारे. मग तिने आत छताच्या हुकाकडे पाहिले. झोळी पाण्याच्या खूप खाली लोंबत होती आणि तिच्यात मुलगी झोपली होती. मोहिनी आत गेली. मुलीला तिने कडेवर घेतले आणि एका हाताने झोळीची गाठ सोडू लागली. ती सुटेना. धुरपदाबाई शिडीवरून उतरून तिच्यापाशी गेली आणि कमरेचा विळा तिच्या हातात दिला. मोहिनीने दोरी कापली.

त्याच संध्याकाळी शिलाई मशीन वरच्या आळीला गेले. आता मोहिनी गुरुवारी माझ्या डाव्या हाताला पाल ठोकून बसते. निसटगाठ तिला सासूने शिकवली. पहिल्यांदा तिची गाठ वाऱ्याने सुटली आणि पाल नाजमीनच्या बांगड्यांवर पडले. त्यावर नाजमीन जे बोलली ते आठवडाभर पेठेत फिरत होते.

तुम्ही म्हणाल, गोष्ट चांगली संपली. मीही तसे म्हटले असते. पण गाळे चौदा आहेत, मित्रांनो. बाकीचे तेरा उघडले. कमिटीची बैठक झाली. बंधारा आहे, तीस वर्षांची कागदपत्रे आहेत, दिवाळीनंतर बघू, असे ठरले. पडलेल्या कवचाचे वाजतगाजत विसर्जन झाले. आणि लोक पुन्हा माझ्याकडे आले, पूर्वीपेक्षा जास्त. मायने पंजा दाखवला, असे ते एकमेकांना सांगतात. लांबून येऊन काठीच्या बोळ्याने त्या पंजाला शेंदूर लावतात. दोन गुरुवारांतच त्याची बोटे दिसेनाशी झाली. धुरपदाबाई कोणाला अडवत नाही. बाजार उठला की ती शिडीवर चढते आणि पदराने पंजा आणि रेष पुसून काढते. तिच्या लुगड्याचा पदर आता कायमचा लाल झाला आहे. तिच्यानंतर कोण पुसणार, हे मला ठाऊक नाही.

आज गुरुवार आहे. श्रावणातला. पेठेवर स्वच्छ ऊन आहे आणि नदीत शेळ्या चरत आहेत. बाजार भरात आला आहे. गाळ्यांपैकी तीन-चार उघडे आहेत. बाकीच्यांची शटर जेवणाच्या वेळेची म्हणून ओढलेली आहेत. मागच्या खोल्यांत माणसे जेवत असतील, लेकरे निजली असतील.

रानभाज्या आणणाऱ्या पावरा बायकांची जागा रिकामी आहे. डोंगरातून आज कोणी उतरलेले नाही.

धुरपदाबाई गिऱ्हाइकाला वांगी निवडून देत होती. मध्येच तिचा हात थांबला. तिने त्या रिकाम्या जागेकडे पाहिले, मग डोंगराकडे, मग माझ्याकडे. तिने तराजू खाली ठेवला. ती उठली आणि तिने दोरीचे टोक ओढले. पाल जमिनीवर आले. नाजमीनने ते पाहिले. आज तिने एकही प्रश्न विचारला नाही. तिनेही टोक ओढले. मग पलीकडच्याने, मग त्याच्या पलीकडच्याने. कितीतरी वर्षांनी मी आमची पेठ अशी खाली बसताना पाहते आहे. एकामागून एक पाले मिटत आहेत. माणसांना कारण आठवत नाही, पण हातांना आठवते आहे. गनी म्हाताऱ्यांना वरच्या वाटेला लावतो आहे. हेमराजभाऊ हातातला फोन पाहत उभे आहेत. त्यावर कोणताही संदेश आलेला नाही.

आणि मोहिनी वर गेलेली नाही. मुलीला सासूच्या कडेवर देऊन ती गाळ्यांकडे धावली आहे. दोन्ही मुठींनी ती एकेक शटर वाजवते आहे. काही उघडतात. एकातून कोणी हसून विचारते, कसले पाणी, आभाळ तरी आले आहे का. ती उत्तर देत बसत नाही, पुढच्या शटरकडे जाते. आता ती नवव्यापाशी आहे.

मित्रांनो, तुमच्याही गावात माझ्यासारखे कोणीतरी असेल. वेशीवरचा दगड, विहिरीच्या काठावरची खूण, कोणा म्हातारीने पुन्हा पुन्हा सांगितलेली एखादी जुनी गोष्ट. त्यांना हार घालू नका, असे मी म्हणत नाही. पण हात जोडण्याआधी एकदा त्या हातांनी त्यांच्या अंगावरची धूळ, तेल, शेंदूर पुसा. खाली काय लिहिले आहे ते वाचा. आम्हाला फक्त एकदाच बोलता येते, छिन्नीचा घाव पडतो तेव्हा. त्यानंतर तुम्ही वाचाल तेवढाच आमचा आवाज.

माझ्या पायाखालचे गोटे आता हलू लागले आहेत. दहावे शटर वाजते आहे.